शेपटाकडून वाचायचं नाव

आत्या शहाद्याहून रात्रीच्या एसटीने धुळ्यामार्गे यायची आणि पहाटे नाशिकला उतरायची. आधीचे चार डोस ‘लाल सलाईन’चे झाले होते, आता दर आठवड्याला एक, असे बारा राहिले होते. किमोच्या वॉर्डात या बाराला सगळे ‘बारा पॅक्ली’ म्हणतात. सिस्टर म्हणतात, औषधाच्या दुकानातला मुलगा म्हणतो, आणि तिसऱ्या खेपेपर्यंत पेशंटही म्हणायला लागतो. नवं औषध पाण्यासारखं निवळ होतं. लालचा धसका घेतलेल्या आत्याला त्याचंच केवढं समाधान!

एका खेपेला सलाईन चालू असताना तिने बाटलीचं रिकामं खोकं मागून घेतलं, चष्मा लावला आणि एकेक अक्षर जुळवत वाचलं, ‘पॅक्‌-लि-टॅक्‌-सेल’. मग विचारलं, “हे कुठल्या भाषेतलं गं?”

“इंग्रजी,” मी म्हणाले.

हे उत्तर चुकलं होतं. किती चुकलं होतं ते पुढे वाचत गेले तेव्हा कळलं. हळहळ वाटते ती याची, की या नावाच्या कुळकथेत तिच्या शहाद्याच्या शेजारचं नंदुरबार आहे, आणि त्या दिवशी ते मला तिला सांगता आलं नाही.

औषधांची मूळ नावं शेपटाकडून वाचायची असतात. कंपनीने दिलेलं बाजारातलं नाव वेगळं. जागतिक आरोग्य संघटनेच्या यादीतलं जे नाव जगभर चालतं, त्याच्या शेवटी बहुधा घराण्याची खूण असते. अ‍ॅम्पिसिलिन, अ‍ॅमॉक्सिसिलिन यांतलं ‘सिलिन’ म्हणजे पेनिसिलिनचं घराणं. आपल्याकडे चांदोरकर म्हटलं की ‘कर’च्या आधी गाव सापडतं, तसं इथे शेपटातच गाव असतं. पॅक्लिटॅक्सेल, डोसेटॅक्सेल, कॅबाझिटॅक्सेल ही तिन्ही कॅन्सरची औषधं, आणि तिघांचं ‘टॅक्सेल’ आलं आहे ‘टॅक्सस’वरून. टॅक्सस हे एका सदाहरित झाडाचं लॅटिन नाव. इंग्रज त्याला ‘यू’ म्हणतात. या झाडाचं लाकूड चिवट आणि लवचिक असल्याने युरोपात त्याची धनुष्यं होत. ग्रीकमध्ये धनुष्याला ‘टॉक्सॉन’ म्हणतात आणि बाणाला लावायच्या विषावरून ‘टॉक्सिक’ हा शब्द आला. टॅक्सस आणि टॉक्सॉन हे सख्खे की चुलत, यावर भाषाशास्त्रज्ञांचा वाद आहे. पण झाड विषारी आहे, याबद्दल वाद नाही.

आपल्या सह्याद्रीत हे झाड नाही, म्हणून मराठीत त्याला घरचं नाव नाही. हिमालयात त्याचा भाऊबंद आहे, गढवालकडे त्याला थुनेर म्हणतात. खोकल्यावरच्या तालीसादि चूर्णातलं तालीसपत्र म्हणून कुणी या झाडाची पानं देतं, तर कुणी ‘अ‍ॅबीज’ या अगदी वेगळ्या झाडाची. एका नावाखाली दोन झाडं, त्यांतलं एक विषारी, ही गोष्ट मला आजही अस्वस्थ करते. टॅक्ससच्या पानांत ‘टॅक्सीन’ असतं, ते थेट हृदयावर घाला घालतं. कॅन्सरवर चालणारं द्रव्य निराळं आहे. ते पानं चघळून किंवा काढा करून मिळत नाही, हे इथेच स्पष्ट सांगते.

ते द्रव्य सापडलं कसं? अमेरिकेच्या राष्ट्रीय कर्करोग संस्थेने हजारो वनस्पती तपासायला घेतल्या होत्या. त्या कामी कृषी खात्याचे वनस्पतिशास्त्रज्ञ आर्थर बार्कले यांनी ऑगस्ट 1962 मध्ये वॉशिंग्टन राज्यातल्या जंगलातून पॅसिफिक यूची साल गोळा केली. मोठ्या वृक्षांच्या सावलीत सावकाश वाढणारं हे झाड. लाकूडतोडे ते कचरा म्हणून जाळून टाकत. त्याच 1962 मध्ये मनसुख वाणी इंडियाना विद्यापीठातून पीएच.डी. झाले आणि नॉर्थ कॅरोलायनातल्या ‘रिसर्च ट्रँगल इन्स्टिट्यूट’मध्ये मन्‍रो वॉल यांच्याकडे रुजू झाले. वाणींचा जन्म नंदुरबारचा, 20 फेब्रुवारी 1925 चा. रसायनशास्त्राचं शिक्षण मुंबई विद्यापीठात झालेलं.

साल या प्रयोगशाळेत आली. अर्क काढायचा, त्याचे भाग पाडायचे, प्रत्येक भाग पेशींवर नि उंदरांवर तपासायचा, ज्यात गुण दिसेल त्याचे पुन्हा भाग पाडायचे. ताक घुसळून लोणी काढण्याचं हे काम, पण लोणी किती? बारा किलो वाळलेल्या सालीतून अर्धा ग्रॅम. 1967 मध्ये वॉल यांनी त्याला ‘टॅक्सॉल’ नाव दिलं. तेव्हा रेणूची पूर्ण रचना माहीत नव्हती. झाड टॅक्सस, आणि रेणूत अल्कोहोलच्या जातीचा गट आहे एवढं कळलं होतं, म्हणून ‘ऑल’. मेन्थॉल, फिनॉल, ग्लिसरॉल यांच्या पंक्तीतलं नाव. रचना उलगडून मे 1971 मध्ये शोधनिबंध प्रसिद्ध झाला, त्यावर पहिलं नाव वाणी यांचं आहे.

पुढची काही वर्षं टॅक्सॉल जवळपास पडून राहिलं. मिळणार थोडं, पाण्यात विरघळणार नाही, आणि साल सोलली की झाड मरणार. 1979 मध्ये न्यूयॉर्कच्या सुसान हॉर्विट्झ यांनी ते पेशीत नेमकं काय करतं ते दाखवलं आणि चित्र पालटलं. पेशी दुभंगण्याआधी आतमध्ये सूक्ष्म नळ्यांचा मांडव उभा राहतो, गुणसूत्रं दोन बाजूंना ओढून नेतो आणि काम झालं की सोडला जातो. आपल्या अंगणातल्या सदाफुलीतून निघालेलं व्हिन्क्रिस्टिन हा मांडव उभाच राहू देत नाही. टॅक्सॉल उलटं करतं. मांडव उभा राहतो, पण गाठी सुटत नाहीत. बांबू जिथल्या तिथे ताठ, आणि पेशी अडकून मरते. शरीरातल्या नसांनाही याच नळ्या लागतात, त्यांतूनच त्यांचा माल लांबवर जातो. म्हणून आत्याच्या बोटांना मुंग्या यायच्या, सातव्या-आठव्या डोसनंतर तिला ब्लाउजचे हूक लावता येईनात. आपला हात निकामी होतोय या भीतीने तिने ते आठवडाभर लपवलं. हे नक्की डॉक्टरांना सांगायचं असतं, डोस त्यावरून ठरवावा लागतो.

आता नावाचं वळण. डिसेंबर 1992 मध्ये अमेरिकेत अंडाशयाच्या कॅन्सरसाठी या औषधाला मंजुरी मिळाली. औषध बाजारात आणणाऱ्या ब्रिस्टल-मायर्स स्क्विब कंपनीने ‘टॅक्सॉल’ हेच नाव आपला ट्रेडमार्क करून घेतलं. वीसेक वर्षं शोधनिबंधांतून वापरात असलेला शब्द एका कंपनीचा झाला, आणि बाकी जगाने लिहायचं ‘पॅक्लिटॅक्सेल’. त्यातलं ‘पॅक्लि’ पॅसिफिकवरून आलं असावं असा कोशकारांचा तर्क आहे. 1995 मध्ये ‘नेचर’ने या नावबदलावर संपादकीयातून टीका केली. मला ती टीका पूर्ण पटते. सरकारी पैशातून, सार्वजनिक जंगलातल्या सालीतून निघालेल्या द्रव्याला संशोधकांनी दिलेलं साधं, चार माणसांना उच्चारता येणारं नाव होतं, ते काढून घेण्याचा अधिकार कुणाला नव्हता. बोलण्यात मात्र जुनं नाव हटलं नाही. स्तनाच्या कॅन्सरच्या फाइलीवर ‘एसी-टी’ लिहितात, त्यातला ‘टी’ टॅक्सॉलपासूनच आला.

डोसेटॅक्सेल हे फ्रान्सचं. पिएर पोतिए यांच्या गटाने युरोपातल्या यूच्या सुईसारख्या पानांतून निघणाऱ्या द्रव्यापासून ते घडवलं. पानं पुन्हा फुटतात, झाड मरत नाही. पुढे पॅक्लिटॅक्सेलही पानांतल्या द्रव्यापासून आणि प्रयोगशाळेत वाढवलेल्या पेशींपासून होऊ लागलं. हिमालयातल्या टॅक्ससची तोड इतकी झाली की 1995 मध्ये आंतरराष्ट्रीय व्यापारावर नियंत्रण ठेवणाऱ्या साइट्‌स कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात ते झाड घालावं लागलं.

वॉल आणि वाणी यांनी आणखी एक शेपूट औषधशास्त्राला दिलं, आणि ते तर आपल्या डोंगरापर्यंत येतं. 1966 मध्ये त्यांनी कॅम्प्टोथेका या चिनी झाडातून कॅम्प्टोथेसिन वेगळं केलं. ‘कॅम्प्टो’ म्हणजे वाकलेलं, ‘थेका’ म्हणजे डबी, हे नाव फुलातल्या परागकोशाच्या वाकण्यावरून पडलेलं. त्यातून पुढे इरिनोटेकन, टोपोटेकन ही औषधं झाली. वाकण्याचा भाग गळाला आणि डबीचं ‘टेकन’ झालं. 1972 मध्ये टी. आर. गोविंदाचारी आणि एन. विश्वनाथन यांनी हेच द्रव्य सह्याद्रीतल्या एका झुडपात दाखवून दिलं. त्याच्या फुलांना इतका घाण वास येतो की जुन्या लॅटिन नावातच ‘फेटिडा’, म्हणजे दुर्गंधी, असं लिहिलं होतं. आपल्या लोकांनीही तेच ओळखून त्याला ‘नरक्या’ म्हटलं. आता त्याच झुडपाला ‘अमृता’ही म्हणतात. नरकापासून अमृतापर्यंत एवढं लांब गेलेलं नाव मराठीत दुसरं मला माहीत नाही. पण नाव चढलं आणि झुडूप धोक्यात आलं. त्याची खोडं तोडून चोरून विकली गेली, सह्याद्रीत कित्येक ठिकाणी ते दिसेनासं झालं.

मनसुख वाणी एप्रिल 2020 मध्ये, पंचाण्णवाव्या वर्षी, अमेरिकेत वारले. 2000 साली त्यांना आणि वॉल यांना केटरिंग पारितोषिक मिळालं होतं. खोक्यावर संशोधकाचं नाव छापायची रीत नाही, त्यामुळे नंदुरबार, शहादा, तळोद्याहून नाशिकला किमोसाठी येणाऱ्या माणसांना ते ठाऊक असण्याचं कारणच पडत नाही. नाशिकच्या वॉर्डांत आणि नंदुरबारच्या शाळांत ते सांगितलं जावं, असं मला मनापासून वाटतं.

आणि एक रोजच्या कामाची गोष्ट. घराणं शेपटात कळतं, पण माणूस डोक्याकडून ओळखायचा. पॅक्लिटॅक्सेल आणि डोसेटॅक्सेल यांचे डोस वेगळे. साधं पॅक्लिटॅक्सेल पाण्यात विरघळत नाही, म्हणून ते अल्कोहोल आणि एरंडेलापासून केलेल्या द्रावकात मिसळतात. हा द्रावक काहींना सोसत नाही, त्यासाठी आधी स्टिरॉइड आणि एविलसारखं इंजेक्शन देतात. अल्ब्युमिन या प्रथिनावर बसवलेल्या तिसऱ्या प्रकाराच्या, म्हणजे ‘नॅब-पॅक्लिटॅक्सेल’च्या नावात पॅक्लिटॅक्सेल असलं तरी डोस आणि वेळ वेगळी, त्यात तो द्रावक नसतो. अशा जोड्यांचा घोटाळा होऊ नये म्हणून परदेशात आणि इथल्याही काही ठिकाणी इंग्रजी नावाचा पुढचा, वेगळा भाग कॅपिटल अक्षरांत छापतात.

आत्याचे बारा पॅक्ली पूर्ण झाले. शेवटच्या दिवशी तिने ते खोकं घडी घालून पिशवीत ठेवलं. तुमच्या घरी असा कागद आला तर दुकानात नुसतं ‘टॅक्सेल द्या’ म्हणू नका, ‘पॅक्ली’ म्हणूनही थांबू नका. चिठ्ठीवरचं अख्खं नाव वाचा, आधी ‘नॅब’ आहे का ते बघा, बाटलीवरच्या नावाशी आणि मिलिग्रॅमशी ते ताडून घ्या, आणि शंका आली तर सुई लावण्याआधी सिस्टरांना विचारा.