वानस्पत्य : एका विस्मृत विशेषणाचा इतिहास

संस्कृत कोशांत कांहीं शब्द असे आढळतात कीं, ज्यांचा जन्म मोठ्या कुळांत झाला, ज्यांना शास्त्रकारांनीं मानाची जागा दिली, आणि तरीही जे लोकांच्या तोंडीं कधीं रुळले नाहींत. 'वानस्पत्य' हें विशेषण त्यांपैकीं एक होय. त्याचा जनक जो 'वनस्पति' शब्द, तो आज घरोघरीं झाला आहे. शाळेंतील मुलालाही तो ठाऊक असतो. वानस्पत्य मात्र पोथ्यांबाहेर पडला नाहीं. वास्तविक एके काळीं ह्या दोन शब्दांनीं मिळून झाडांच्या सृष्टीची एक महत्त्वाची वांटणी केली होती. ती वांटणी कोणत्या खुणेवर उभी होती आणि ती कां मोडली, हें पाहूं लागलें म्हणजे एका शब्दाबरोबरच माणसाच्या दृष्टीचाही इतिहास उलगडूं लागतो.

वनस्पति म्हणजे वनाचा स्वामी. 'वन' आणि 'पति' ह्यांच्या मध्यें जो सकार शिरला आहे, तो सामान्य नियमानें येत नाहीं. म्हणून पाणिनीला हा शब्द अनियमित नांवांच्या एका गणांत घालावा लागला. सामासिक शब्दांत सहसा एकच उदात्त स्वर असतो. परंतु ह्या शब्दाच्या दोन्ही पदांवर तो राहतो, ह्याचीही पाणिनीनें निराळी नोंद केली आहे. अशा जुन्या घराण्यांतून 'वानस्पत्य' निघाला. बृहस्पतीपासून बार्हस्पत्य, प्रजापतीपासून प्राजापत्य, तसाच वनस्पतीपासून वानस्पत्य. वनस्पतीचा, वनस्पतीपासून झालेला, वनस्पतीच्या जातीचा, इतका त्याचा अर्थ व्याकरणानें होतो.

वेदवाङ्मयांत हा अर्थ अगदीं रोकडा आहे. अथर्ववेदाच्या पांचव्या कांडांत युद्धाच्या दुंदुभीला उद्देशून सूक्तें आहेत. पोकळ लांकडावर गाईचें कातडें ताणून केलेला तो नगारा शत्रूच्या काळजांत धडकी भरवितो. त्याला तेथें वानस्पत्य म्हटलें आहे, म्हणजे लांकडाचा. शुक्ल यजुर्वेदाच्या पहिल्या अध्यायांत यज्ञाचें धान्य कांडण्याच्या उखळाला व मुसळाला हेंच विशेषण आहे. वस्तु लांकडाची, पण काम दगडाचें, असा तेथें भाव आहे. अथर्ववेदाच्या बाराव्या कांडांतील भूमिसूक्तांत मात्र अर्थ एक पाऊल पुढें सरकतो. ज्या भूमीवर वृक्ष अढळ उभे आहेत, तिची ती स्तुति. आणि ते वृक्ष वानस्पत्य आहेत. येथें लांकडाच्या वस्तूचा संबंध उरला नाहीं, झाडाचेंच तें विशेषण झालें. त्याच वेदाच्या आठव्या आणि अकराव्या कांडांत तर वनस्पति, वानस्पत्य, ओषधि आणि वीरुध् अशी चौघांची नांवें एका ओळीनें येतात. विशेषण आतां नाम बनलें असून, तें वनस्पतीहून निराळ्या कोणत्या तरी झाडांचें नाम आहे.

हीच चौकडी पुढें वैद्यकाच्या दारीं आली. चरकसंहितेच्या सूत्रस्थानांतील पहिल्याच अध्यायांत औद्भिद, म्हणजे भूमि फोडून वर येणाऱ्या, द्रव्यांचे चार प्रकार सांगितले आहेत. ज्यांना केवळ फळें येतात ते वनस्पति. ज्यांना फुलें येतात आणि मग फळें धरतात ते वानस्पत्य. फळ पिकलें कीं ज्यांचें आयुष्य संपतें त्या ओषधि. आणि ज्या पसरत, वेल टाकीत जातात त्या वीरुध्. भात आणि जव ह्या अर्थानें ओषधि ठरतात. अमरसिंहानें आपल्या कोशाच्या दुसऱ्या कांडांतील वनौषधिवर्गांत हाच भेद नोंदला : फुलापासून फळ धरणारा तो वानस्पत्य, फुलावांचून फळ धरणारा तो वनस्पति. आंबा, जांभूळ हे वानस्पत्य. वड, उंबर हे वनस्पति. आंब्याचा मोहोर साऱ्या रानाला वासानें सांगून येतो. उंबराच्या खोडाला मात्र एके दिवशीं एकदम हिरव्या गोळ्यांचे घोंस लागलेले दिसतात. फुलाचा पत्ता नाहीं आणि फळ हजर, हें नवल ज्या डोळ्यांनीं टिपलें, त्यांच्या निरीक्षणाला उणें म्हणतां येत नाहीं.

ह्या सगळ्या वांटणीचा खिळा म्हणजे दुसरें एक विशेषण, 'अपुष्प'. तेंही तितकेंच जुनें आहे. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलांतील ओषधिसूक्तांत फळें असलेल्या व नसलेल्या, फुलें असलेल्या व नसलेल्या, अशा सर्वच ओषधींना रोग्याच्या सुटकेसाठीं हांक घातली आहे. मनुस्मृतीच्या पहिल्या अध्यायांतही वनस्पति तो, जो अपुष्प असून फलवान् आहे. परंतु उंबर खरोखर अपुष्प आहे काय ?

कोंवळें उंबर मधोमध कापून पाहिलें, तर ह्या प्रश्नाचें उत्तर मिळतें. ज्याला लोक फळ म्हणतात, तें वस्तुतः आंत वळलेला, घड्यासारखा मिटलेला देंठ आहे. त्याच्या आंतल्या भिंतीवर शेंकडों बारीक फुलें दाटीनें उभीं असतात. टोंकाला एक सुईच्या अग्राएवढें भोंक असतें आणि तेंही चिमुकल्या खवल्यांनीं झांकलेलें. गांधीलमाशीच्या गणांतली, पण चिलटाएवढी, एक माशी त्या वाटेनें अंग घुसवून आंत जाते. जातांना तिचे पंख गळून पडतात. आंत ती कांहीं स्त्रीपुष्पांत अंडीं घालते, अंगावरचे परागकण इतरांवर सांडते आणि तेथेंच मरते. पुढें तिचीं पिलें वाढतात. बिनपंखी नर आधीं बाहेर येतात, माद्यांशीं संयोग करतात, फळाच्या भिंतीला बोगदा पाडतात. आणि तोंवर उमललेल्या पुंपुष्पांचे पराग घेऊन माद्या त्या बोगद्यानें नव्या उंबराच्या शोधांत उडतात. प्रत्येक जातीच्या उंबर-वडाची माशी बहुधा ठरलेली असते. ती नसेल तर बीं नाहीं, आणि झाड नसेल तर माशी नाहीं.

अमरकोशांत उदुंबराचें एक नांव 'जन्तुफल' असें आहे. म्हणजे फळांतले जंतु प्राचीनांनीं पाहिले होते. ते जंतु ज्या फुलांसाठीं येतात, तीं फुलें मात्र त्यांच्या नजरेंतून निसटलीं. जगाच्या नजरेंतूनच तीं निसटलीं, आणि न दिसणारें म्हणून दुर्लभ असा त्यांचा लौकिक झाला. सद्धर्मपुंडरीक ह्या बौद्ध ग्रंथांत बुद्धाच्या अवताराला उदुंबराच्या फुलाची उपमा आहे. ती उपमा ग्रंथाबरोबर चीन व जपान येथें गेली, आणि जपानींत 'उदोन्गे' हा शब्द अद्याप टिकून आहे. बारीक दांड्यांवर उभीं राहणारीं एका कीटकाचीं पांढरीं अंडीं दिसलीं, तर तीं त्या दुर्मिळ फुलाच्या नांवानेंच ओळखलीं जातात. महाराष्ट्रांत ह्याच कल्पनेला घरगुती रूप आलें. वर्षानुवर्षें न भेटलेला स्नेही दारांत उभा राहिला, कीं 'तुम्ही म्हणजे उंबराचें फूल झालां' असें त्याचें स्वागत होतें.

आतां वानस्पत्य शब्दाचें काय झालें तें पाहावयाचें. त्याचा पाया चुकीच्या निरीक्षणावर होता म्हणून तो पडला, असें म्हणण्याचा मोह होतो; पण इतिहास तसें सांगत नाहीं. उंबराच्या आंतील फुलांचा शोध लागण्याच्या पुष्कळ आधीं हा शब्द मागें पडूं लागला होता. मनूनें आणि सुश्रुतानें फुलें व फळें दोन्ही असलेल्या झाडाला वानस्पत्य न म्हणतां सरळ 'वृक्ष' म्हटलें. भागवताच्या तिसऱ्या स्कंधांत उद्भिज्जांचे सहा प्रकार आहेत. तेथें त्याची जागा 'द्रुम' शब्दानें घेतली. महाभारताच्या अनुशासनपर्वांत तर फुलाची खूणच सोडून दिली असून वृक्ष, गुल्म, लता, वल्ली, त्वक्सार व तृण असे आकारावरून सहा वर्ग केले आहेत. वेळूसारखीं, जीं सालींत कठीण तीं त्वक्सार. शेतकऱ्याला, सुताराला, बाग लावणाऱ्याला ही वांटणी अधिक सोयीची होती.

दुसरें कारण त्याहून बलवत्तर आहे. वानस्पत्याचा प्रतिस्पर्धी जो वनस्पति, त्यानें स्वतःची व्याख्या पाळलीच नाहीं. कौटिलीय अर्थशास्त्राच्या तिसऱ्या अधिकरणांत नगराच्या उपवनांतील झाडें तोडणाराला दंड सांगितला आहे : कोंब तोडल्यास ६ पण, लहान फांदी तोडल्यास १२, जाड फांदी तोडल्यास २४. हीं झाडें कोणतीं ? तर फुलें, फळें आणि छाया देणारे वनस्पति ! वैद्यांच्या व्याख्येनें फुलें देणारा वनस्पति हा वदतोव्याघात होय. परंतु न्यायाधीशाच्या भाषेंत वनस्पति म्हणजे कोणतेंही झाड. खुद्द मनुस्मृति पहिल्या अध्यायांत वनस्पतीला अपुष्प म्हणते, आणि आठव्या अध्यायांत, सर्व वनस्पतींना इजा केल्यास त्यांच्या उपयोगाच्या मानानें दंड करावा, असें सांगते. येथें केवळ वड-उंबरांचें रक्षण आणि आंब्यावर मोकळी कुऱ्हाड, असा अर्थ कोणी केला तर तें हास्यास्पद होईल. सामान्य अर्थानें पारिभाषिक अर्थाला असें गिळलें. आणि जोडींतला एक शब्द सर्वव्यापी झाल्यावर दुसऱ्याला काम उरलें नाहीं.

युरोपांतही उंबराच्या जातीनें शास्त्रज्ञांना असेंच चकविलें. स्वीडनचा लिनीअस ह्यानें इ. स. १७३५ मध्यें फुलांच्या अवयवांवरून वनस्पतींचे २४ वर्ग केले. चोविसाव्याचें नांव त्यानें 'क्रिप्टोगॅमिया', म्हणजे गुप्त विवाहाचा वर्ग, असें ठेविलें. फळाच्या आंत फुलणाऱ्या, किंवा ज्यांचीं फुलें डोळ्यांना चुकवितात अशा वनस्पति त्यानें त्यांत धरल्या. फळाच्या आंत फुलणें हें तर अंजीर-उंबराचें लक्षण. पुढें १७५३ च्या ग्रंथांत त्यानें ह्या झाडांना तेविसाव्या वर्गांत नेलें, आणि वड, पिंपळ व उंबर ह्यांचीं शास्त्रीय नांवें त्याच ग्रंथांत पडलीं. हिंदुस्थानांतील झाडांच्या माहितीसाठीं लिनीअसचा एक मोठा आधार म्हणजे १६७८ ते १६९३ च्या दरम्यान १२ खंडांत निघालेला 'हॉर्टस मलबारिकस' हा ग्रंथ होय. त्या कामीं साहाय्य करणारे रंग भट, विनायक पंडित आणि अप्पु भट हे तिघे वैद्य कोंकणी भाषा बोलणारे होते. देवनागरी लिपींतलें त्यांचें कोंकणी प्रमाणपत्र पहिल्या खंडांत छापलेलें आहे.

उंबर बाहेर गेल्यावर त्या चोविसाव्या वर्गांत नेचे, शेवाळीं, भूछत्रें ह्यांसारखीं कुळें उरलीं. त्यांच्या गुप्त विवाहाचें कोडें विल्हेल्म हॉफमायस्टर ह्या जर्मन पुस्तकविक्रेत्यानें १८५१ मध्यें पुष्कळसें उलगडलें. नेच्यांना आणि शेवाळ्यांना फूल नाहींच, त्यांची प्रजा निराळ्या क्रमानें वाढते, असें त्यानें दाखविलें. हें नवें शास्त्र मराठींत आलें तेव्हां नांवांची गरज पडली, आणि 'सपुष्प वनस्पति' व 'अपुष्प वनस्पति' हे शब्द रूढ झाले. जुन्या परिभाषेचा एखादा पंडित हे शब्द ऐकता तर गोंधळून गेला असता. त्याच्या मतें पहिल्यांत विरोध आहे, कारण फुलें असलेला तो वनस्पतिच नव्हे. आणि दुसऱ्यांत पुनरुक्ति, कारण वनस्पति अपुष्पच असावयाचा. त्याचा उंबर मात्र आतां सपुष्पांत जाऊन बसला आहे, आणि ज्यांना त्यानें क्वचितच गणनेंत धरलें तीं शेवाळीं अपुष्पांत. तरी ही खूणही कायमची ठरली नाहीं. देवदार-सायकस ह्यांना बीं आहे, पण खरें फूल नाहीं. म्हणून अलीकडील पाठ्यपुस्तकें फूल सोडून बियांवरून बीजपत्री व अबीजपत्री असे शब्द योजतात. वनाच्या स्वामीचें नांव तर विसाव्या शतकांत तुपाच्या डब्यावरही जाऊन बसलें.

अशा वेळीं वानस्पत्याच्या एका भावंडाची आठवण होते. उदुंबर शब्दापासून तशाच वृद्धीनें औदुंबर हें विशेषण झालें. उंबराच्या लांकडाचा, हा त्याचा मूळ अर्थ. सोमयागांत मंडपांत रोवलेल्या उंबराच्या खांबाला 'औदुंबरी' म्हणत. पण मराठींत औदुंबर हें झाडाचेंच नांव झालें, दत्तभक्तांनीं त्याला पार बांधला, प्रदक्षिणा घातल्या, आणि कृष्णाकांठचें एक क्षेत्र त्या नांवानें प्रसिद्धीस आलें. ज्या विशेषणाला लोकांची श्रद्धा मिळाली तें जगलें. ज्याला केवळ शास्त्राचा आधार होता तें, शास्त्र बदलतांच, पोथींत राहिलें.

तथापि पोथी वाचणाराला त्याची ओळख असणें आवश्यक आहे. चरकांत वनस्पति शब्द आला कीं वड-उंबर समजावे, कौटिल्यांत आला कीं कोणतेंही झाड, आणि आजच्या पुस्तकांत आला कीं शेवाळ्यापासून वडापर्यंत सर्व कांहीं. अक्षरें तींच, पण प्रत्येक वेळीं त्यांत निराळें रान उभें असतें. जुन्या वचनावर आजचा अर्थ लादला, तर पूर्वजांना न केलेल्या चुका चिकटतात आणि त्यांनीं न लावलेले शोधही त्यांच्या पदरांत पडतात. दोन्ही गोष्टी सारख्याच अन्यायाच्या. वानस्पत्य हें विस्मृत विशेषण वाचकाला इतकी सावधगिरी शिकवील, तर कोशांतली त्याची जागा व्यर्थ गेली असें म्हणावयास नको.