चुका-गोश्त : एका पातेल्याचा इतिहास

आमच्या गावाचे नाव युसूफ वडगाव. बीड जिल्ह्यातल्या केज तालुक्यातले. नावातला 'युसूफ' अरबीतून आलेला, 'वडगाव' इथल्या मातीतले. हे नाव घेताना गावातल्या कुणाचीच जीभ मध्ये अडखळत नाही. अडखळायला होते ते इतिहासाची चर्चा निघाली की.

काही वर्षांपूर्वी एका प्रशिक्षणात दुपारी सगळ्या शिक्षकांनी डबे उघडले. हिवाळ्याचे दिवस होते आणि आमच्या डब्यात चुका-गोश्त होते. शेजारच्या गुरुजींनी प्रेमाने दोन घास खाल्ले आणि म्हणाले, "तुमचे हे मोगलाई पदार्थ भारीच असतात. आमचं आपलं साधं गावरान." त्यांच्या मनात वाईट काही नव्हते. पण 'तुमचे' आणि 'आमचं' हे दोन शब्द रिकाम्या डब्याबरोबर आमच्या घरी आले. आम्ही मुलांना इतिहास शिकवतो. तेव्हा वाटले, एकदा या पातेल्याचाही इतिहास पाहावा.

आधी मांस. ते आमच्याबरोबर आले असे समजणाऱ्यांनी 'मानसोल्लास' आठवावा. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याचा हा बाराव्या शतकातला संस्कृत ग्रंथ. त्यातल्या अन्नाच्या प्रकरणात मांसाचे कितीतरी पदार्थ आहेत. कल्याणी म्हणजे आजचे बसवकल्याण, मराठवाड्याच्या सीमेपलीकडचे. 1327 मध्ये मुहम्मद तुघलकाने दौलताबादला राजधानी आणली, 1347 मध्ये तिथेच बहमनी राज्य उभे राहिले. या काळात उत्तरेकडून दख्खनेत मांस शिजवण्याच्या काही नव्या रीती आल्या. हाडांसकट मांस मंद आचेवर तासन्‌तास शिजवून काढलेली यखनी, कांद्या-तुपात परतलेला कलिया. सोळाव्या शतकाच्या अखेरच्या 'ऐन-ए-अकबरी'त हे दोन्ही पदार्थ नोंदलेले आहेत.

आता चुका. संस्कृत वैद्यकात त्याचे नाव 'चुक्र'. म्हणजे ही आंबट पालेभाजी इथे फार जुनी. शेतकऱ्याच्या घरी तिचे गरगट होते : पाला शिजवून घोटायचा, डाळ किंवा बेसन लावून दाट करायचा, वर लसणाची फोडणी. कलिया आणि गरगट नेमके कोणत्या दिवशी एका चुलीवर आले, याची तारीख कोणत्याही बखरीत सापडायची नाही. 17 सप्टेंबर 1948 पर्यंत मराठवाडा हैदराबाद संस्थानात होता, आणि अंबाडी-चुक्याचे आंबट सालन हैदराबादच्या दस्तरख्वानावरही मानाने येते, एवढे मात्र खरे.

गंमत पुढेच आहे. आपण ज्याला अस्सल गावरान म्हणतो ती मिरची आणि शेंगदाणा, दोन्ही अमेरिका खंडातले. पोर्तुगीज 1498 नंतर समुद्रमार्गे येऊ लागले, त्यानंतरचे हे पाहुणे. म्हणजे आमच्या पातेल्यातला 'परका' कलिया आधी आला आणि 'गावरान' शेंगदाण्याचा कूट कितीतरी नंतर! बटाटाही त्याच वाटेने आलेला.

आमच्या घरी हे सालन अलीकडे जास्त होते, त्याला कारण अब्बांची शुगर. डॉक्टरांनी भाकरी कमी करायला सांगितली तेव्हा अब्बा दोन दिवस गप्प होते. जन्मभर ज्वारीवर वाढलेल्या माणसाला भाकरीशिवाय जेवण म्हणजे काय, हेच उमगेना. शंभर ग्रॅम ज्वारीत सुमारे 70 ग्रॅम कर्बोदके असतात, हे आम्ही त्यांना शिक्षकी थाटात समजावले. त्याचा काही उपयोग झाला नाही. उपयोग झाला अम्मीच्या पातेल्याचा.

अर्धा किलो उस्मानाबादी शेळीचे मटण, हाडांसकट. आले-लसूण, हळद, मीठ आणि दोन परतलेले कांदे. मंद आचेवर दीड-दोन तास. मटण मऊ झाले की चुक्याच्या दोन जुड्या आणि पालकाची एक, बारीक चिरून. चुका आधी टाकला तर रंगही जातो आणि चवही, असे अम्मी म्हणते. दाटपणासाठी बेसन नाही, डाळ नाही, बटाटा नाही. येसरही नाही, कारण त्यात भाजलेली धान्येच असतात. त्याऐवजी दोन चमचे शेंगदाण्याचा कूट, एक चमचा भाजलेले तीळ, थोडे सुके खोबरे. पातेले कल्हईचे हवे, नाहीतर आंबट सालन पितळेत कळकते. शेवटी लसूण-मिरचीची फोडणी, अगदी गरगटाला देतात तशी. ज्यांना मुतखड्याचा त्रास आहे त्यांनी चुका-पालक बेताने खावा.

पहिल्या दिवशी अब्बांनी वाडगाभर सालन चमच्याने खाल्ले. मग अर्धी भाकरी मागितली आणि तीही पुरी संपवली नाही. अम्मीने ती उरलेली चतकोर न बोलता उचलून ठेवली. आम्ही मात्र त्या चतकोराकडे बराच वेळ पाहत राहिलो.

त्या दिवशी गुरुजींना आम्ही काही उत्तर दिले नव्हते. पुन्हा भेट झाली तर वाद घालणार नाही. चुका-गोश्ताचा डबा त्यांच्यापुढे सरकवू, त्यांच्या घरचे गरगट आपल्याकडे ओढून घेऊ आणि विचारू, "गुरुजी, यातलं तुमचं कोणतं आणि आमचं कोणतं, तेवढं वेगळं काढून दाखवा."