‘डीएलएल फाइल सापडत नाही’ असं कम्प्युटर का म्हणतो? अशा वेळी काय करायचं?

नवीन गेम किंवा सॉफ्टवेअर टाकलं, आयकॉनवर डबल क्लिक केलं आणि स्क्रीनवर चौकट आली : ‘एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल ही फाइल सापडत नाही, प्रोग्राम सुरू करता येत नाही.’ मग आपण फाइलचं नाव गुगल करतो आणि समोर आलेल्या पहिल्याच साइटवरून ती डाउनलोड करतो. खरा धोका इथेच आहे.

डीएलएल म्हणजे नेमकं काय?

डायनॅमिक लिंक लायब्ररी. गावात लग्नकार्याची मोठी पातेली प्रत्येक घर विकत घेत नाही. मंडळाकडे एक संच असतो, ज्याला लागेल तो वापरतो. डीएलएलचंही तसंच आहे. अनेक प्रोग्राम्सना लागणारा कोड एका फाइलमध्ये ठेवलेला असतो आणि गरज पडली की प्रोग्राम तो वापरतो.

एक उदाहरण बघा. वेगवेगळ्या प्रोग्राम्समध्ये फाइल उघडण्याची किंवा सेव्ह करण्याची चौकट बऱ्याचदा सारखीच दिसते. कारण ती विंडोजच्याच ‘कॉमडीएलजी३२’ या डीएलएलमधून येते. यामुळे डिस्कवरची जागा वाचते, मेमरी वाचते आणि एक फाइल सुधारली की ती वापरणाऱ्या सगळ्यांनाच फायदा होतो. लिनक्समध्ये अशा फाइल्सना ‘.एसओ’ आणि मॅकमध्ये ‘.डायलिब’ म्हणतात.

मग अडचण कुठे येते?

सामायिक वस्तूची जी अडचण असते, तीच इथेही येते. एकाने बदल केला की दुसऱ्याचं अडतं. विंडोज ९५ आणि ९८ च्या काळात एखादं सॉफ्टवेअर टाकताना ते डीएलएलची जुनी आवृत्ती नव्या आवृत्तीवर टाकून द्यायचं आणि दुसरंच एखादं सॉफ्टवेअर बंद पडायचं. या गोंधळाला ‘डीएलएल हेल’ असं नाव पडलं. पुढे विंडोज २००० मध्ये सिस्टिमच्या फाइल्सना संरक्षण मिळालं. २००१ मध्ये आलेल्या विंडोज एक्सपीमध्ये एकाच डीएलएलच्या अनेक आवृत्त्या शेजारी-शेजारी ठेवण्याची सोय झाली.

आज हा मेसेज येण्याची कारणं साधारण तीन : सॉफ्टवेअरला लागणारं पॅकेज कम्प्युटरवर नसणं, फाइल डिलीट किंवा खराब होणं, किंवा अँटिव्हायरसने संशयावरून ती बाजूला काढणं.

सुटी फाइल डाउनलोड का करू नये?

कारण डीएलएल हा फोटो किंवा गाण्यासारखा निव्वळ डेटा नसतो, तो चालणारा कोड असतो. प्रोग्रामला जे अधिकार असतात, तेच त्याने उघडलेल्या डीएलएललाही मिळतात. त्यात कुणी व्हायरस घातला असेल तर तो तुमच्या प्रोग्रामच्या आडून काम करतो. शिवाय बरेच प्रोग्राम डीएलएल आधी स्वतःच्या फोल्डरमध्ये शोधतात. त्यामुळे तिथे ठेवलेली बनावट फाइल खऱ्या फाइलच्या आधी उचलली जाऊ शकते. क्रॅक केलेल्या सॉफ्टवेअरसोबत येणारी डीएलएल आणि ‘आधी अँटिव्हायरस बंद करा’ हा सल्ला, दोन्हींपासून म्हणूनच लांब राहा.

मग करायचं काय?

१. आधी कम्प्युटर रीस्टार्ट करा आणि रिसायकल बिन तपासा.

२. ते सॉफ्टवेअर काढून अधिकृत साइटवरून पुन्हा टाका. आवश्यक डीएलएल बहुतेकदा त्यासोबतच येतात.

३. फाइलचं नाव ‘एमएसव्हीसीपी१४०’ किंवा ‘व्हीसीरनटाइम१४०’ असेल, तर मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून ‘व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल’ हे मोफत पॅकेज टाका. विंडोज ६४ बिट असली तरी ३२ बिट सॉफ्टवेअरला एक्स८६ पॅकेजच लागतं, त्यामुळे एक्स६४ आणि एक्स८६ दोन्ही टाकलेली बरी.

४. फाइल विंडोजचीच असेल तर विंडोज अपडेट करा आणि ‘सिस्टिम फाइल चेकर’ चालवा. हे टूल विंडोजमध्येच असतं आणि बिघडलेल्या सिस्टिम फाइल्स दुरुस्त करतं.

आणि ‘जागा रिकामी करा’ म्हणून सिस्टिम३२ फोल्डरमधल्या डीएलएल डिलीट करायला सांगणारा व्हिडिओ किंवा फॉरवर्ड आला, तर तसं अजिबात करू नका. अनोळखी नावाची फाइल बिनकामाची वाटते, पण कोणते प्रोग्राम तिच्यावर अवलंबून आहेत हे नुसतं नाव बघून कळत नाही.