कमलाबाई गोखले

कमलाबाई गोखले (पूर्वाश्रमीच्या कमला कामत, जन्म : इ.स. १९००) या मराठी रंगभूमीवरील आणि चित्रपटांतील अभिनेत्री होत्या. दादासाहेब फाळके यांच्या 'मोहिनी भस्मासुर' (१९१३) या नाशिक येथे चित्रित झालेल्या मूकपटात त्यांनी मोहिनीची भूमिका केली. याच चित्रपटात त्यांच्या मातोश्री दुर्गाबाई कामत पार्वतीच्या भूमिकेत होत्या. भारतीय रुपेरी पडद्यावर स्त्रीभूमिका करणाऱ्या पहिल्या स्त्रिया म्हणून या मायलेकींची नोंद केली जाते.

रंगभूमीवरील प्रवेश

पतीपासून विभक्त झाल्यानंतर दुर्गाबाईंनी लहान मुलीला घेऊन फिरत्या नाटक कंपनीचा मार्ग धरला. घर सोडलेल्या स्त्रीला त्या काळी सन्मानाने पोट भरण्याचे मार्ग फार थोडे होते. त्यातही कुलीन स्त्रीने तोंडाला रंग लावणे समाजाला मुळीच मान्य नव्हते. त्यामुळे या निर्णयाबरोबर समाजाचा रोषही त्यांच्या वाट्याला आला. कमलाबाई चार-पाच वर्षांच्या असतानाच रंगमंचावर उभ्या राहिल्या. बिऱ्हाड एका गावाहून दुसऱ्या गावी हलत असल्याने त्यांचे शालेय शिक्षण होऊ शकले नाही. पाठांतर, गाणे आणि अभिनय हेच त्यांचे शिक्षण ठरले. पुढे मायलेकी 'चित्ताकर्षक नाटक मंडळी'त काम करू लागल्या.

मूकपटाकडे

फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कोरोनेशन चित्रपटगृहात प्रदर्शित झाला. त्यात हरिश्चंद्राची भूमिका रंगभूमीवरील नट दत्तात्रय दामोदर दाबके यांनी केली होती. तारामतीसाठी मात्र फाळके यांना कोणीही स्त्री मिळाली नाही. अखेर एका उपाहारगृहात काम करणाऱ्या अण्णा साळुंके या तरुणाला लुगडे नेसवून ती भूमिका देण्यात आली. रंगभूमीवर पुरुषांनी स्त्रीभूमिका करण्याची प्रथा रूढ असल्याने प्रेक्षकांना यात वावगे वाटले नाही. ज्यांच्या स्त्रीभूमिकांनी महाराष्ट्राला वेड लावले, त्या बालगंधर्वांची गंधर्व नाटक मंडळीही याच वर्षी स्थापन झाली, हे येथे लक्षात घेण्यासारखे आहे.

'राजा हरिश्चंद्र'नंतर फाळके यांनी आपला कारखाना (चित्रपटनिर्मितीच्या जागेला तेव्हा हाच शब्द वापरत) मुंबईहून नाशिकला हलविला. त्र्यंबकेश्वर हे त्यांचे जन्मगाव. नाशिकच्या आसमंतातील डोंगर, मंदिरे आणि गोदावरीचे घाट पौराणिक कथांना अनुकूल होते. येथेच 'मोहिनी भस्मासुर'ची निर्मिती झाली. शंकराकडून मिळालेल्या वराने उन्मत्त झालेल्या भस्मासुराला विष्णू मोहिनीरूपाने नृत्यात गुंतवतो आणि भस्मासुर स्वतःच्याच मस्तकावर हात ठेवून भस्म होतो, अशी ही कथा आहे. नाटकात जेथे पुरुष स्त्रीचे सोंग घेत असे, तेथे या चित्रपटात एका मुलीने स्त्रीरूप घेतलेल्या देवाची भूमिका केली. त्या वेळी कमलाबाईंचे वय तेरा वर्षांच्या आसपास होते.

संगीत नाटकात वाढलेल्या कलावंताला मूकपट हे माध्यम सर्वस्वी परके होते. नाटकात पदाला 'वन्स मोअर' मिळे, आवाजाच्या जोरावर प्रसंग पेलला जाई. येथे मुखातून उमटलेला शब्द प्रेक्षकांपर्यंत पोहोचणारच नव्हता. कथेचा धागा पडद्यावरील लिखित पाट्यांनी जोडला जाई. समोर प्रेक्षक नसत, तर हाताने फिरवावयाचा कॅमेरा असे आणि चित्रण सूर्यप्रकाशावर अवलंबून असे. मोहिनीच्या भूमिकेत नृत्याला प्राधान्य असल्याने गळ्याची उणीव देहबोलीने भरून काढता येण्याजोगी होती. या भूमिकेसाठी रंगभूमीवर तयार झालेली मुलगी निवडण्यातील औचित्य त्यातच दिसते. फाळके १९१४ मध्ये इंग्लंडला गेले, तेव्हा तेथे दाखविलेल्या चित्रपटांत 'मोहिनी भस्मासुर'ही होता. आज मात्र त्याची प्रत उपलब्ध नाही.

'पहिली अभिनेत्री' हा मान काही लेखक दुर्गाबाईंना, तर काही कमलाबाईंना देतात. दोघींनी एकाच चित्रपटात काम केले असल्याने हा वाद फारसा सार्थ नाही. या प्रयोगामुळे प्रथाही लगेच बदलली नाही. 'लंकादहन' (१९१७) मध्ये अण्णा साळुंके यांनीच राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या.

पुढील जीवन

कमलाबाई चित्रपटात स्थिरावल्या नाहीत. त्या रंगभूमीवर परतल्या. चित्ताकर्षक मंडळीतील रघुनाथराव गोखले यांच्याशी त्यांचा विवाह झाला. तारुण्यातच वैधव्य आल्यानंतर तीन मुलांचा भार त्यांनी नाटकांतील कामावरच पेलला. स्त्रीभूमिकांप्रमाणे त्यांनी पुरुषभूमिकाही केल्या. बोलपटांच्या काळात त्या पुन्हा पडद्यावर आल्या आणि 'गहराई' (१९८०) पर्यंत अधूनमधून काम करीत राहिल्या. त्यांचे पुत्र चंद्रकांत गोखले आणि नातू विक्रम गोखले हे अभिनेते म्हणून प्रसिद्ध झाले. लालजी व सूर्यकांत हे पुत्र तबलावादनाकडे वळले. रीना मोहन यांनी कमलाबाईंच्या वृद्धापकाळात त्यांच्यावर 'कमलाबाई' हा अनुबोधपट तयार केला. नव्वदी ओलांडल्यानंतर त्यांचे निधन झाले.

नाशिकमध्ये पांडवलेण्यांच्या पायथ्याशी, अंबड परिसरापासून जवळच, दादासाहेब फाळके यांचे स्मारक आहे.