जप्तीचा हुकूम आणि घरगुती फीत

एखादा चित्रपट राज्यकर्त्यांना नकोसा झाला, तर त्याची मूळ निगेटिव्ह आणि मोजक्या प्रती ताब्यात घेतल्या की काम भागत असे, याचा दाखला आपल्याकडे आणीबाणीत मिळाला. खासदार अमृत नाहटा यांचा 'किस्सा कुर्सी का' हा उपहासपट १९७५ साली मुंबईहून जप्त होऊन दिल्लीकडे रवाना झाला आणि गुडगावच्या मारुती कारखान्याच्या आवारात जाळून टाकण्यात आला. तो इतका समूळ नाहीसा झाला की, सत्तापालटानंतर नाहटांना तोच चित्रपट नव्याने उभा करावा लागला.

याच रीतीचा प्रयोग पोलंडच्या साम्यवादी सरकारने काही वर्षांनी केला, तेव्हा मात्र तो फसला. रिशार्द बुगाइस्की यांनी १९८१ साली, 'सॉलिडॅरिटी'च्या चळवळीने निर्माण केलेल्या अल्पकालीन मोकळिकीत, आन्द्शेइ वाइदा यांच्या 'एक्स' या चित्रपटगटातर्फे 'प्शेस्वुखान्ये', म्हणजे 'चौकशी', हा चित्रपट काढावयास घेतला. कथा स्टालिनी अमलातील १९५१ सालची: दोन अनोळखी पुरुषांनी दारू पाजून तुरुंगात आणून सोडलेली तोनिया नावाची एक उथळ, हसरी कॅबरे-गायिका, परिचिताविरुद्ध खोट्या जबानीवर सही करण्यास नकार देते, आणि छळाने मोडण्याऐवजी घडत जाते. क्रिस्तिना यांदा यांनी ही भूमिका अशा उघड्या, निर्भीड रीतीने केली आहे की, तपासनिसांच्या क्रौर्यापेक्षा तिचा हट्टच प्रेक्षकाला अधिक अस्वस्थ करतो.

चित्रपट पुरता हातावेगळा होण्यापूर्वीच १३ डिसेंबर १९८१ रोजी देशात लष्करी कायदा जारी झाला. १९८२ च्या वसंतात स्वीकृती-समितीसमोर तो दाखविला गेला, त्यावर कठोर आक्षेप आले आणि तो बंद कपाटात गेला. पुढे वाइदांचा गटही १९८३ साली मोडीत काढण्यात आला. निर्माता सरकारच, मालक सरकारच आणि कपाटाची किल्लीही सरकारकडेच, तेव्हा प्रकरण मिटले असे अधिकाऱ्यांना वाटले असल्यास नवल नव्हे. परंतु त्या समितीच्या चर्चेचा वृत्तांतसुद्धा दप्तरातून निसटून भूमिगत छापखान्यांतून प्रसिद्ध झाला, आणि चित्रपटाची व्हीएचएस प्रत त्याहूनही दूर पोहोचली.

येथे एक विसंगती नोंदविली पाहिजे. व्हिडिओ-यंत्र ही पोलंडात त्या काळी चैनीची वस्तू होती, आणि परकीय चलनाच्या लोभाने सरकार स्वतःच आपल्या 'पेवेक्स' दुकानांतून डॉलर घेऊन असला माल विकत होते. दोन यंत्रे तारेने जोडली की एका कॅसेटीची दुसरी होई, दुसरीची तिसरी. प्रत्येक उतरणीत रंग फिके पडत, आवाज घरघरे, पण कोठडीतील अंधाराचे हे कथानक त्या निकृष्टपणात फारसे बिघडत नसावे, असे आपले माझे मत. 'नोवा'सारखी भूमिगत प्रकाशनसंस्था पुस्तकांच्या जोडीला कॅसेटीही काढू लागली, पॅरिसहून मिरोस्वाव खोयेत्स्की यांच्या मंडळीकडून फिती चोरवाटेने आत येऊ लागल्या, आणि खाजगी दिवाणखान्यांत, चर्चच्या सभागृहांत दाटीवाटीने बसून लोक चित्रपट पाहू लागले. निगेटिव्ह एकच असते, म्हणून ती जाळता येते. घरोघरी पसरलेल्या, परस्परांपासून उतरविलेल्या फितींचा झाडा घ्यावयाचा तर कोणत्याही खात्याला माणसे अपुरी पडतील.

बुगाइस्की १९८५ साली कॅनडात निघून गेले. राजवट कोसळत असता १३ डिसेंबर १९८९ रोजी, लष्करी कायद्याच्या आठव्या वर्धापनदिनी, चित्रपट अखेर पोलंडच्या चित्रगृहांत लागला, तेव्हा त्याची कथा आधीच ठाऊक असलेले प्रेक्षक कमी नव्हते. दुसऱ्या वर्षी कान महोत्सवात यांदांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा सन्मान मिळाला. परीक्षकांना नवी वाटलेली ती भूमिका तोवर आठ वर्षांहून जुनी झाली होती.