देवगिरीच्या अंधारकोठडींतील जपसंख्या

देवगिरी किल्ल्याविषयीं लिहिणारे बहुधा तेथील अंधारीचें, म्हणजे खडकांत खोदलेल्या काळोख्या भुयारी मार्गाचें, वर्णन करून थांबतात. परंतु दीर्घकाळ काळोखांत कोंडलेल्या मनुष्याच्या मनाची अवस्था दाखविणारा उल्लेख त्याच किल्ल्यासंबंधीं इब्न बतूताच्या प्रवासवृत्तांत आहे. त्याचा विचार आम्हांस येथें करावयाचा आहे.

महंमद तुघलकाचा वकील म्हणून चीनकडे निघालेला बतूता इ. स. १३४२ च्या सुमारास दौलताबादेस आला. किल्ल्यांतील कैद्यांच्या खड्ड्यांत मांजरांहून मोठे उंदीर आपण पाहिले, असें तो म्हणतो. आकारांत अतिशयोक्ति असेल. पुढील हकीकत मात्र त्यानें तेथें कैद भोगलेल्या मलिक खत्ताब अफगाणाच्या तोंडून ऐकली. रात्रीं उंदीर अंगावर येत व खत्ताब त्यांच्याशीं झुंजे. एकदां स्वप्नांत त्यास कोणी सांगितलें कीं, इख्लास ही सूरा एक लाख वेळां म्हण, म्हणजे सुटशील. संख्या पुरी झाली आणि तो सुटला. सुटकेचें लौकिक कारणही बतूता देतो. शेजारच्या खड्ड्यांतील मलिक मल आजारी पडला, उंदरांनीं त्याचीं बोटें व डोळे खाल्ले व तो मेला. तें कळतांच सुलतानानें खत्ताबास बाहेर काढविलें.

सांख्यांनीं तामिस्र व अंधतामिस्र हे शब्द बुद्धीच्या विपर्ययासाठीं योजिले, ते उगीच नव्हत. कानडांतील मॅक्गिल विद्यापीठांत १९५१ ते १९५४ च्या दरम्यान झालेल्या प्रयोगांत, डोळ्यांस आकृति व हातांस स्पर्श मिळूं न दिलेल्या विद्यार्थ्यांपैकीं अनेकांस नसलेलीं चित्रें दिसूं लागलीं. फ्रेंच संशोधक मिशेल सिफ्र १९६२ सालीं घड्याळावांचून दोन महिने गुहेंत राहिला. १४ सप्टेंबरला बाहेर आला तेव्हां त्याच्या हिशेबीं २० ऑगस्टच होता. म्हणजे काळोखांत प्रथम हरवतो तो काळ.

खत्ताबास नेमकें तेंच परत मिळालें. ती सूरा चार आयतांची. एका पठणास दहा सेकंद धरले तरी लाखास सुमारें २७८ तास लागतात. रोज आठ तास म्हटल्यास पस्तीस दिवस. आम्ही गंगाखेडास गोदातीरीं राहणारे. माळ ओढणाऱ्यास संख्या कशी धरून ठेवते हें येथें कोणास सांगावें लागत नाहीं. स्वप्नाची सत्यता श्रद्धाळूंनीं ठरवावी. आमच्या मतें त्या स्वप्नानें कैद्यास दिवसाच्या जागीं मोजमाप दिलें, आणि रात्रीच्या झुंजीनें, ती कितीही भयंकर असो, त्याचीं इंद्रियें जागीं ठेविलीं.

मलिक मलाविषयीं बतूतानें इतकेंच लिहिलें आहे कीं, तो आजारी होता.