खेळांची खतावणी

अकोला-खंडवा मीटरगेजने तुकईथडहून निघालेला प्रवासी खंडव्यास उतरून ब्रॉडगेजच्या गाडीत चढे, हे या भागातल्या जाणत्यांस सांगावयास नको. रुळांचे माप बदलले की मालही उतरवून पुन्हा भरावा लागे. अकोट-खंडवा मार्गावरील ती छोटी गाडी 2017 साली थांबली. मालाची अशीच एक उतरवाचढव संगणकाच्या जगात होऊन गेली. तिचा वृत्तान्त आम्ही येथे देत आहो.

सोनी कंपनीचे प्लेस्टेशन-2 हे खेळयंत्र 2000 साली जपानात निघाले. त्याचे बहुतेक खेळ डीव्हीडीवर येत. कालांतराने तबकड्यांवर ओरखडे पडले, त्या वाचणारी भिंगे मंदावली, आणि हौशी मंडळींनी खेळ पेनड्राइव्हवर घेण्याची युक्ती काढली. पण फॅट-32 या मांडणीत 4 जीबीहून मोठी फाइल मावत नाही, आणि काही खेळ त्याहून मोठे. तेव्हा ‘यूएसबी-युटिल’ हे विंडोजवरील लहानसे सॉफ्टवेअर उपयोगी पडले. ते खेळाचे एकेक जीबीचे तुकडे करी आणि ‘यूएल.सीएफजी’ नामक वहीत नोंद घेई. प्रत्येक खेळास 64 बाइटांची जागा, त्यांपैकी 32 नावासाठी. शिवाय नावावरून गणिताने काढलेला एक अंक तुकड्यांच्या फाइलनावात गुंफलेला असे. म्हणून वहीतले नाव परस्पर बदलले, तर तुकडे जागच्या जागी असूनही यंत्रास सापडत नसत. देवस्थानांच्या दागिन्यांचे दावे ज्यांनी चालविले आहेत त्यांस हे नवल वाटणार नाही. यादीशी न जुळणारा दागिना पेटीत असून नसल्यासारखाच!

पुढे ‘ओपन पीएस2 लोडर’ ही आज्ञावली एक्सफॅट मांडणीही वाचू लागली, आणि तुकडे करण्याचे कारणच उरले नाही.

मग या जुन्या वहीची चौकशी आम्ही का करावी? 2009 साली हैदराबादच्या ऑरोना टेक्नॉलॉजीजने ‘हनुमान: बॉय वॉरियर’ हा खेळ केला. प्लेस्टेशन-2 साठी संपूर्णपणे भारतात घडलेला हा पहिला खेळ. खेळणाऱ्याने बटणे दाबून मारुतिरायास चालवावे, यास अमेरिकेतील राजन झेद यांनी हरकत घेतली व खेळ मागे घेण्याची मागणी केली. त्या हरकतीतला भाव आम्हांस समजतो. तरीही वादाचा मूळ पुरावाच नाहीसा व्हावा, हे आम्हांस रुचत नाही. त्याच सुमाराच्या ‘देसी अड्डा’त तर आपली विटीदांडू नि कबड्डी होती.

1954 च्या कायद्याने प्रकाशकाने छापील पुस्तक चार ग्रंथालयांकडे स्वखर्चाने धाडावयाचे असते. मराठी ग्रंथांस त्याचा मोठा आधार आहे. खेळाच्या तबकडीस असे घर त्या कायद्यात नाही. 1957 च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम 52(1)(एए) ने प्रोग्रामची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्यास नाश वा हानीपासून ‘तात्पुरते’ संरक्षण म्हणून राखीव प्रत करता येते. 2012 साली आलेले कलम 65ए कुलूप तोडणाऱ्यास शिक्षा सांगते. पण हक्कभंगाचा हेतू असला तरच. विकत घेतलेल्या तबकडीची स्वतःपुरती प्रत करणारा आमच्या मते या दोहोंच्या आत बसतो. ती प्रत दुसऱ्यास देणारा बसत नाही, मग त्याचा हेतू जतनाचा का असेना. आणि मूळ तबकडीच कुजली, तर ‘तात्पुरते’ म्हणजे किती काळ, याचे उत्तर त्या कलमाच्या शब्दांत नाही.

ज्यांच्यापाशी जुने तुकडे असतील त्यांनी ते क्रमाने जोडून एकसंध फाइल करून ठेवावी. यूएसबी-युटिल आजही ते काम करते.